उलीकाकांचं कलम सात

१२ जानेवारी २०२५, रविवार

आज आमच्या दुबईतल्या मराठी मंडळाच्या न्यायसमितीची सचिव झाले. समितीत आतापर्यंत एकच माणूस होता, उलीकाका.

त्यांचं पूर्ण नाव उलरिश बेन्के. चाळीसेक वर्षांपूर्वी ब्रेमेनजवळच्या एका गावातून पंप बसवायला दुबईत आले. ज्या ऑफिसातून त्यांचे टेलेक्स जायचे तिथल्या टायपिस्टशी, विभावरी दाबकेशी, लग्न केलं. मराठी तिच्याकडून शिकले, आणि आता आमच्यापेक्षा शुद्ध बोलतात. मूल नाही. काकू दोन वर्षांपूर्वी कॅन्सरने गेल्या.

मंडळाचे नियम त्यांनी कसे लिहिले ही गोष्ट प्रत्येक नव्या सदस्याला सांगतात. तीन वर्षांपूर्वी एकांकिकेच्या कास्टिंगवरून वार्षिक सभेत खुर्ची फेकली गेली. नियम हवेत हे सगळ्यांना मान्य होतं. पण कोणीही लिहायला बसला की दुसरा गट म्हणायचा, हा त्यांचा माणूस. शेवटी विभावरीकाकू उठून म्हणाल्या, "माझ्या नवऱ्याला द्या. त्याचं इथे कोणी काका-मामा नाही." टाळ्या पडल्या. जर्मन आहे, घोळ करणार नाही, असंही कोणीतरी म्हणालं. काकूंची केमो चालू होती. काकांनी हॉस्पिटलच्या वेटिंग रूममध्ये बसून कलमं लिहिली. मग त्या कलमांचा अर्थ लावायला तरी विश्वासाचा माणूस कुठे होता? त्यामुळे न्यायाधीशही तेच झाले.

पहिला दंड त्यांनी स्वतःला केला. आरतीत त्यांचा फोन वाजला होता. पन्नास दिरहम. "बाराशे रुपये झाले की हो," म्हणून बायका हळहळल्या. काकांनी पावती मागून घेतली.

मला हे पटतं. मी दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कमधल्या कारखान्यात फ्लो मीटर कॅलिब्रेट करते, म्हणजे प्रवाह मोजणारी यंत्रं बरोबर मोजतात का ते तपासते. माप स्वतःला सूट देत नाही.

काकांच्या टेबलावर पितळी घंटी असते. काकूंच्या देव्हाऱ्यातली. बोलायचा वेळ संपला की ती वाजवायची. ते काम आता माझं.

९ फेब्रुवारी, रविवार

पहिलं मोठं प्रकरण. अर्चना छाब्रिया, मूळची उल्हासनगरची सिंधी, मंडळात लग्नाने आलेली. मुलांना लेझीम शिकवते, गणपतीत उकडीचे मोदक तिच्याच हाताचे असतात. गेल्या वर्षी घटस्फोट झाला. कलम सात सांगतं: सदस्यत्व जन्माने किंवा लग्नाने मिळेल, लग्न संपलं की लग्नाने मिळालेलं सदस्यत्व संपेल. तक्रार तिच्या आधीच्या नवऱ्याने केली. तो पहिल्या रांगेत बसला होता.

काका सुनावणीत सगळ्यांना तुम्ही म्हणतात, लहान मुलांनासुद्धा.

"अर्चनाबाई, तुमचा विवाह अस्तित्वात आहे का?"

"काका, तुम्हाला माहीतच आहे ना."

"समितीला काही माहीत नसतं. तुम्ही सांगायचं."

तिने पहिल्या रांगेकडे पाहिलं. "नाही."

"कोणत्या तारखेपासून?"

तिने तारीख सांगितली. काकांनी ती परत मोठ्याने विचारली, कारण मागच्यांना ऐकू आली नव्हती. तिने परत सांगितली.

"काका, मोदकाची कळी मला काकूंनी शिकवली. तुमच्या किचनमध्ये. तुम्ही पिठी चाळून देत होतात."

"ते कलमात नाही."

तिची मुलगी मैथिली दहा वर्षांची आहे. ती उभी राहिली. "सो आय कॅन कम, बट ममा कान्ट?"

"तुम्ही येऊ शकता," काका म्हणाले. "तुम्ही जन्माने आहात. तुमची आई पास काढून येईल. पाहुणी म्हणून."

मैथिली आईकडे न जाता बराच वेळ तशीच उभी राहिली. तिला कुठे बसायचं ते कळत नसावं. मी तिला सदस्यांच्या खुर्च्या दाखवल्या.

निकाल बरोबर होता.

१६ फेब्रुवारी, रविवार

दर रविवारी सकाळी मी आमच्या टॉवरांमधल्या तळ्याला अर्धी फेरी मारून काकांच्या टॉवरला जाते. ते कांदेपोहे करतात. मी एकटी राहते म्हणून बोलावतात असं वाटतं. मला एकटं राहण्याचा त्रास नाही, पण पोहे चांगले असतात.

आज म्हणाले, "तुला गंमत सांगतो. विभावरीने सगळी कलमं वाचली. बाकी काही बोलली नाही. सातवर आली आणि म्हणाली, उली, हे काढ. मी विचारलं, का? सांगेना. रडायला लागली. औषधांमुळे असेल."

मी म्हटलं, कारण न देता दुरुस्ती सुचवणं योग्य नाही.

"अगदी," ते म्हणाले. "तिला कायदा कधी कळलाच नाही." आणि माझ्या ताटलीत अजून खोबरं घातलं.

त्यांची लीज ऑगस्टमध्ये संपते. वयामुळे कंपनीने सल्लागाराचं कामही थांबवलंय. ब्रेमेनजवळ बहिणीचं घर रिकामं आहे, बहीण वारली. मी विचारलं, जाणार का? म्हणाले, "तिथे मी कोणाशी बोलू? तिथली माझी भाषा चाळीस वर्षं जुनी आहे. मंडळ आहे तोवर मी इथे. मंडळ नसेल तर मग कशाला भाडं भरायचं?" गणपतीत पहिल्या दिवशीच्या आरतीचं तबक काकू धरायच्या. आता ते धरतात. तेवढ्यासाठी वर्षभर थांबता येतं, असंही म्हणाले. एका तबकासाठी वर्षाची लीज हा हिशेब मला जमला नाही.

१६ मार्च, रविवार

रमजान. कारखाना लवकर सुटतो. आमचं मास्टर मीटर तपासणीसाठी बाहेर पाठवलं. नव्या ट्रेनीला आश्चर्य वाटलं. "मॅडम, इससे तो हम बाकी सब चेक करते हैं!" मी सांगितलं, म्हणूनच. ज्या मापाने इतर मापं तपासतो ते कोणीच तपासलं नाही, तर सगळी एकसारखी चुकतात आणि कळतही नाही.

२० एप्रिल, रविवार

वरदचं प्रकरण. हा सुजीत दादांचा मुलगा, तेरा वर्षांचा. सुजीत दादा मंडळाचे अध्यक्ष. महाराष्ट्र दिनाच्या नाटकात वरदला मुख्य भूमिका होती. तीन तालमी चुकवल्या की भूमिका जाते. त्याने चार चुकवल्या.

"फुटबॉल कॅम्प होता, काका," सुजीत दादा हसत म्हणाले. "मुलगा आहे. मिटवून टाकू ना."

"समितीत मिटवत नाहीत. ठरवतात."

"अहो, पोस्टरवर त्याचा फोटो छापून आलाय!"

"फोटोने तालीम केली का?"

लोक हसले. सुजीत दादाही हसले, सगळ्यांपेक्षा जास्त वेळ. वरद रडत नव्हता, पण कान लाल झाले होते. भूमिका दुसऱ्या मुलाला गेली.

२४ एप्रिल, गुरुवार

सुजीत दादांनी तळ्याकाठच्या त्यांच्या ऑफिसखाली कडक चहाला बोलावलं.

"तुला एक टेक्निकल प्रश्न विचारायचाय. पर्सनल काही नाही. काकांबद्दल मला किती आदर आहे तुला माहितीये."

मी म्हटलं, विचारा.

"कलम सात. लग्न संपलं की सदस्यत्व संपतं. लग्न कशाकशाने संपतं?"

"घटस्फोटाने."

"आणि?"

मी कप खाली ठेवला. मग म्हटलं, "मृत्यूने."

"हं." ते तळ्याकडे बघत होते. "मला हे सुचलंच नसतं बघ. तू इंजिनिअर आहेस, तू इमोशनल होत नाहीस. एक छोटीशी नोट लिहून देशील? फक्त तर्क. नाव नको."

मी रात्री कलम पुन्हा वाचलं. विधवा किंवा विधुरासाठी अपवाद नाही. काकांचं सदस्यत्व लग्नाने आलेलं आहे. अर्चनाच्या प्रकरणात त्यांनीच अर्थ लावला आहे. दोन प्रकरणांत मला काही फरक सापडत नाही. मी शोधला.

सुजीत दादा उठताना म्हणाले होते, "पुढे समितीला तरुण माणूस लागेलच. यल्ला, चल, विचार कर." मी हो म्हटलं नाही. नाहीही म्हटलं नाही.

मास्टर मीटर परत आलं. किंचित वर दाखवत होतं. वर्षभर कोणाच्या लक्षात आलं नव्हतं.

२७ एप्रिल, रविवार

पोहे. काकांना नोटबद्दल सांगितलं नाही. प्रकरण येणार असेल तर न्यायाधीशाशी त्यावर आधी बोलणं गैर आहे. ते विचारत होते, "आज गप्प का? पोह्यात मीठ कमी आहे का?" मी म्हटलं, बरोबर आहे. कमी होतं.

१ जून, रविवार

काकांच्या विरुद्ध तक्रार. तक्रारदार स्वतः अध्यक्ष, "केवळ नियमांच्या सन्मानासाठी". हॉल पूर्ण भरला होता. नाटकालाही इतके आले नव्हते.

न्यायाधीशाविरुद्धची तक्रार कोणी ऐकायची हे नियमांत नाही. सुजीत दादा म्हणाले, काकांनी बाजूला व्हावं. काका म्हणाले, "माझ्याशिवाय समिती नाही. म्हणजे मीच ऐकणार." मग उठून टेबलाच्या या बाजूला, अर्चना बसली होती त्या खुर्चीवर बसले. मला म्हणाले, "सचिवांनी प्रश्न वाचावेत. तेच, जे आधी विचारले होते. नवीन करू नका."

मी वाचला. "तुमचा विवाह अस्तित्वात आहे का?"

त्यांनी टेबलामागच्या रिकाम्या खुर्चीकडे पाहिलं. मग म्हणाले, "मुग्धा, तुला माहीतच आहे."

पद्धत ठरलेली होती. मी म्हटलं, "समितीला काही माहीत नसतं. तुम्ही सांगायचं."

त्यांनी मान हलवली. पद्धत पाळली गेल्याचं समाधान असावं.

"नाही."

"कोणत्या तारखेपासून?"

"चौदा फेब्रुवारी दोन हजार तेवीस. सकाळी."

मागून आवाज आला, ऐकू आलं नाही. मी परत विचारलं. त्यांनी परत सांगितलं. सकाळी हा शब्द दुसऱ्यांदा म्हटला नाही.

सदानंदकाका, मंडळाचे सगळ्यात जुने सदस्य, उभे राहिले. "अरे काय चालवलंय हे? बाई गेलीय त्यांची! सोडून नाही गेली!"

"शांतता," उलीकाकाच म्हणाले. सदानंदकाकांनी आजूबाजूला पाहिलं. कोणी उठलं नाही. बसले.

"सचिवांचं मत?" उलीकाकांनी विचारलं. हे पद्धतीत नव्हतं. ते माझ्याकडे बघत होते, जसे पोहे वाढताना बघतात, बास का अजून.

"दोन्ही प्रकरणांत फरक नाही," मी म्हटलं.

"नाही?"

"मला सापडला नाही."

ते उठून टेबलामागे गेले. चष्मा पुसला. निकाल तोंडी दिला, न अडखळता: सदस्यत्व चौदा फेब्रुवारी दोन हजार तेवीस रोजी संपलं. त्यानंतर समितीने दिलेले निर्णय मंडळाच्या हिताच्या दृष्टीने कायम राहतील. न्यायाधीशाचं पद आजपासून रिकामं.

म्हणजे अर्चनाचा निकालही कायम. तिला कोणी बोलावलं नव्हतं, पण मैथिली होती, सदस्यांच्या खुर्चीवर.

निर्दोष निकाल होता. मी एवढा स्वच्छ निकाल कधी पाहिलेला नाही.

८ जून, रविवार

काकांकडे गेले नाही. हितसंबंध. अकराच्या सुमारास त्यांचा मेसेज आला: पोहे भिजवले आहेत. मग दुसरा: चुकून गेला.

२१ जून, शनिवार

मंडळाने उलीकाकांचा सत्कार केला. कल्पना सुजीत दादांची. "असं कसं पाठवायचं? आपली काही संस्कृती आहे की नाही?"

शाल, श्रीफळ, बुर्ज खलिफाचं क्रिस्टलचं मॉडेल. मानपत्रात आधारस्तंभ हा शब्द तीनदा. वरदने नाटकातला जो उतारा त्याला म्हणायला मिळाला नव्हता तो म्हणून दाखवला, आणि सगळ्यात जास्त टाळ्या त्यालाच पडल्या. काका स्टेजवर नारळ मांडीवर घेऊन ऐकत होते. बाहेर बेचाळीस डिग्री, आत एसी फुल, तरी शाल त्यांना सारखी घसरत होती. कोणीतरी फोटोसाठी ती परत परत नीट करत होतं.

मग त्यांना बोलायला सांगितलं. सदस्याला भाषणाला दहा मिनिटं, पाहुण्याला पाच. तेही त्यांनीच लिहिलंय. घंटी माझ्यासमोर होती.

ते सुरुवातीला पंपांबद्दल बोलले. तेव्हाच्या रस्त्यांबद्दल. मग मंडळाच्या पहिल्या गणपतीबद्दल, जो एका व्हिलाच्या गॅरेजमध्ये बसला होता. वेळ कशात जातोय याकडे त्यांचं लक्ष नव्हतं. शेवटी म्हणाले, "एक गोष्ट राहिली. विभावरी मला एकदा म्हणाली होती, उली, हे कलम"

पाच मिनिटं झाली. मी घंटी वाजवली.

ते तिथेच थांबले. वाक्य पूर्ण केलं नाही. मला पूर्ण वाक्य माहीत होतं, इतरांना नव्हतं. सुजीत दादांनी टाळ्या सुरू केल्या. "वा! शेवटपर्यंत शिस्त! याला म्हणतात जर्मन!" सगळे उभे राहिले.

जेवताना मला कोणीतरी म्हणालं, "एक मिनिट दिलं असतंस तर काय बिघडलं असतं गं?" ती बाई टाळ्या वाजवणाऱ्यांत पुढे होती.

नंतर माझं नाव न्यायाधीश म्हणून जाहीर झालं. एकमताने.

१३ जुलै, रविवार

काका गेले. लीज रिन्यू केली नाही. विमानतळावर मी सोडलं, कारण टॅक्सीत दोन मोठ्या बॅगा बसल्या नसत्या. सदानंदकाका येणार होते, मग त्यांचा फोन आला, सून म्हणतेय उन्हात जाऊ नका.

गाडीत काका खिडकीबाहेर बघत होते. एकदा म्हणाले, "हा पूल नव्हता." एवढंच.

हँडबॅगमध्ये आरतीचं तबक होतं. तपासणीला अडवतील का, विचारलं. मी म्हटलं, पितळ आहे, धार नाही, अडवणार नाहीत. घंटी त्यांनी मला दिली होतीच. "ती समितीची आहे," म्हणाले होते. मी दुरुस्ती केली नाही, पण ती काकूंची होती.

"बरं, तुम्ही जा आता. पार्किंगचं मीटर चालू आहे," ते म्हणाले. सुनावणीबाहेर त्यांनी मला तुम्ही म्हटल्याचं आठवत नाही.

३ ऑगस्ट, रविवार

गणपतीच्या तयारीची सभा. लेझीम कोणालाच शिकवता येत नाही. उकडीच्या मोदकांची चाचणी झाली, सगळे फुटले. सुजीत दादा म्हणाले, "अर्चनाला परत घेऊ. ते कलम सात म्हणजे फारच आहे. आपण माणसं आहोत की मशीन?"

हात वर करायला सांगितलं. सगळे हात वर. लग्न संपल्यामुळे सदस्यत्व जाणार नाही. ज्यांचं गेलंय त्यांना अर्ज केल्यास परत मिळेल. चहा यायच्या आत झालं. खलास.

मी एकच मुद्दा काढला. दुरुस्ती मागच्या तारखेपासून लागू करायची का? तसं केलं तर अर्ज लागणार नाही, सदस्यत्व कधी गेलंच नाही असं होईल.

"नको नको," सुजीत दादा म्हणाले. "मागचं कशाला उकरायचं? ज्याला यायचंय तो अर्ज करेल."

मी तसा निर्णय दिला. नव्या न्यायाधीशाचा पहिला निर्णय.

अर्चनाला तीनचार जणींनी लगेच फोन केला. ती आधी नाही म्हणाली. मैथिलीसाठी येते म्हणाली.

"उलीकाकांना कळवायचं का?" सदानंदकाकांनी मला विचारलं.

कळवणं समितीचं काम नाही. अर्ज आला तर पाहता येईल. मी तसं सांगितलं. अर्ज करता येतो हे उलीकाकांना कसं कळणार, हा प्रश्न सदानंदकाकांनी विचारला नाही. घरी आल्यावर माझ्या मनात आला. मी फोन उचलून परत ठेवला. अर्ज मंजूर झाला तर समितीच्या खुर्चीचा प्रश्न येईल, आणि त्यात माझा हितसंबंध आहे. हितसंबंध असलेल्याने पुढाकार घेऊ नये.

२७ ऑगस्ट, बुधवार

गणेश चतुर्थी. अर्धी रजा. हॉलमध्ये आरतीची तयारी चालू असताना जर्मनीचा नंबर.

"मुग्धा? गणपती बसला का?"

"बसला. आरती व्हायचीय."

"इथे पाऊस आहे. मी खोबरं शोधलं तीन दुकानांत. पिशवीतलं मिळालं, कोरडं." मागे टीव्ही चालू होता, मराठी चॅनेल. "मोदक कोणी केले? फुटले असतील."

"नाही. अर्चनाने केले."

तिकडे टीव्ही बंद झाला.

"अर्चना. पासवर?"

"सदस्य म्हणून."

 

"म्हणजे सात बदललं."

"हो."

"कधी?"

"तीन ऑगस्टला."

"मागच्या तारखेपासून?"

"नाही. अर्ज करावा लागतो."

"निर्णय कोणाचा?"

"माझा."

"बरोबर आहे," ते म्हणाले. "मीही तसाच दिला असता." मग म्हणाले, "तिथलं घर भाड्याने घेतलं होतं ते आता दुसऱ्याला दिलं असेल ना त्यांनी. हो, दिलंच असेल." ते मला विचारत नव्हते.

समोर सुजीत दादा हाताने खूण करत होते, चल, चल. नवीन स्टीलचं तबक त्यांच्या बायकोच्या हातात होतं.

"सुरू होतेय का?"

"हो."

"फोन जरा गणपतीकडे धर. एकच कडवं." आणि मी काही म्हणायच्या आत तेच म्हणाले, "नाही, थांब. आरतीत फोन नाही."

त्यांनी ठेवला. मी माझा फोन बंद केला आणि घंटी वाजवली. हॉल एकदम शांत झाला.